पांढरा मासा, वर कोळंबीचं क्रीमी टॉपिंग आणि सगळा खेळ पाण्याचा

बेक केलेला पांढरा मासा आणि त्यावर कोळंबी-शिंपल्यांचं घट्ट क्रीमी टॉपिंग, हे आता मी घरी अगदी बिनधास्त करते, पाहुणे येणार असले तरी करते. आणि कोणी रेसिपी विचारली की मी आधी साहित्य सांगतच नाही, आधी सांगते की ह्यात पाणी कुठून कुठून येतं ते समजून घ्या. माशातून येतं, कोळंबीतून येतं, शिंपल्यांतून येतं, मश्रूम घातले तर त्यातून तर धो धो येतं, आणि हे सगळं ओव्हनमध्ये सुटलं की वरचं क्रीम पातळ होऊन ट्रेभर पसरतं, मासा बेक व्हायच्या ऐवजी उकडतो आणि ब्रेडचा चुरा खरपूस व्हायच्या ऐवजी भिजून बसतो. चीज, हर्ब्ज, मसाले-बिसाले हे सगळं नंतरचं. परवा ताई जेवायला येणार होती म्हणून परत केला, ती सगळा वेळ ओट्याशी उभी राहून बघत होती आणि एकेक प्रश्न विचारत होती, तेव्हाच ठरवलं की हे एकदा सविस्तर लिहून काढायचं.

मासा मी कॉड घेतला होता, ४ फिले (म्हणजे मधला काटा काढलेले सपाट तुकडे), मिळून साधारण ७०० ग्रॅम. हॅडॉक, पोलॉक, हेक, हॅलिबट काहीही चालतं, तिलापियासुद्धा चालतो, फक्त फिले जाड हवा, मधोमध निदान २ ते अडीच सेंटीमीटर. सोलसारखा पातळ मासा असेल तर त्याची गुंडाळी करून ठेवायची म्हणजे जाडी येते. ह्या पांढऱ्या माशांच्या मांसात चरबी अगदी नावापुरती असते, कॉड तर आपली चरबी मांसात न साठवता लिव्हरमध्ये साठवतो, कॉड लिव्हर ऑइल निघतं ते त्यामुळेच. मांसात चरबी नाही म्हणून चव सौम्य, आणि म्हणूनच ओव्हनमध्ये दोन-चार मिनिटं जास्त झाली की लगेच कोरडाही पडतो. त्याच्यावर बटर-क्रीमचं हे पांघरूण घालायची कल्पना मला म्हणूनच फार शहाणपणाची वाटते, चरबी नसलेल्या माशाला वरून चरबी मिळते आणि थेट आच लागत नाही ते वेगळंच. सॅमनवर मी हे टॉपिंग कधीच घालत नाही, तो आधीच तेलकट, त्यावर क्रीम म्हणजे दोन घासांत पोट भरल्यासारखं होतं. फ्रान्सच्या नॉर्मंडी भागात सोल माशावर क्रीमचा सॉस आणि बरोबर शिंपल्या, कोळंबी असा सोल नॉर्मांद नावाचा जुना पदार्थ आहे, तिथे बटर-क्रीमही मुबलक आणि समुद्रही लागूनच, त्यामुळे ही जोडी तिथे जमली ह्यात नवल नाही.

मासा फ्रोझन होता, आणि फ्रोझनमध्ये काही कमीपणा आहे असं मला अजिबात वाटत नाही. फक्त पाकिटामागची बारीक अक्षरं वाचायची. घटक म्हणून नुसता मासा लिहिलेला असला तर उत्तम. ई ४५० ते ई ४५२ असं काही किंवा फॉस्फेट असा शब्द दिसला तर मी ते पाकीट परत ठेवते, फॉस्फेटमुळे मांस पाणी धरून ठेवतं, म्हणजे वजनाला पाणी, आणि तेच पाणी नंतर ट्रेमध्ये. कोळंबी आणि स्कॅलॉपच्या बाबतीत तर हे आवर्जून बघा. शिवाय फ्रोझन माशावर बर्फाचा पातळ थर दिलेला असतो, तो मासा सुकू नये म्हणून असतो आणि चांगलाच असतो, पण थॉ करताना, म्हणजे मासा वितळवताना, तो वितळून मासा त्याच पाण्यात पडून राहता कामा नये. मी ताटावर जाळी ठेवते, जाळीवर मासा, आणि रात्रभर फ्रिजमध्ये, पाणी खाली ताटात निथळतं. व्हॅक्यूम पॅक असेल तर थॉ करायच्या आधी पाकीट कापून उघडायचं, ही साधी गोष्ट पण खूप महत्त्वाची आहे, बोटुलिझम ह्या गंभीर विषबाधेचे जंतू बिनहवेच्या जागी वाढतात आणि त्यांचा माशात सापडणारा एक प्रकार फ्रिजच्या थंडाव्यातही वाढू शकतो. आणि ओट्यावर दिवसभर ठेवून थॉ करायचा नाही, बाहेरचा भाग गरम होऊन मऊ पडतो आणि आत बर्फ तसाच.

सकाळी काढला तेव्हा ताटात बऱ्यापैकी पाणी जमलेलं होतं, ते टाकून दिलं. मग काटे. फिलेवरून बोट दाबत पुढे-मागे न्यायचं, काट्यांची टोकं बोटाला टोचतात, ती चिमट्याने ज्या दिशेला झुकलेली आहेत त्याच दिशेला ओढायची, उलटं ओढलं तर मांस फाटतं. ह्या कामाला वेळ द्या, वर टॉपिंग आलं की खाणाऱ्याला काटा दिसत नाही.

मग मीठ. मासा कागदी टॉवेलने टिपून घेतला आणि दोन्ही बाजूंनी मीठ लावलं, ७०० ग्रॅमला एक सपाट छोटा चमचा पुरतो, आणि परत जाळीवर २० मिनिटं. ताईने विचारलं, "अगं, मीठ लावलं की पाणी अजून सुटेल ना?" सुटेल ना, सुटावं म्हणूनच लावलंय. ओव्हनमध्ये सुटण्यापेक्षा इथे सुटलेलं बरं. थोड्या वेळाने बघितलं तर पृष्ठभागावर बारीक बारीक थेंब उमटले होते, आधी वेगवेगळे, मग एकमेकांत मिसळून चकचकीत ओल आली, आणि बोट लावलं तर मांस आधीपेक्षा घट्ट लागत होतं. मिठाचा दुसरा फायदा म्हणजे बेक होताना माशातून ते पांढरं फेसासारखं प्रोटीन बाहेर येऊन साकळतं ना, ते बरंच कमी येतं, आणि मासा आतपर्यंत थोडा मुरतो म्हणून नुसतं टॉपिंग खारट आणि खालचा मासा आळणी असं होत नाही. २० मिनिटांनी परत टिपून घेतला, अगदी कोरडा, कागद ओला येईनासा होईपर्यंत.

लिंबू मात्र ह्या टप्प्यावर लावायचं नाही असं माझं मत आहे. वासासाठी म्हणून लोक आधीच लिंबू चोळून ठेवतात. त्यामागचं कारण खरं आहे, समुद्री माशात ट्रायमिथाइलअमाइन ऑक्साइड नावाचा पदार्थ असतो, मासा शिळा होत जातो तसं बॅक्टेरिया त्याचं ट्रायमिथाइलअमाइन करतात आणि तो उग्र हिवस वास त्याचाच, आंबट लागलं की ते बांधलं जातं आणि हवेत उडत नाही, म्हणून वास कमी येतो. पण लिंबू लावून मासा ठेवला की आंबटाने वरचा थर कच्चा असतानाच पांढरा घट्ट पडतो आणि बेक झाल्यावर चिवट लागतो. मासा ताजा असेल तर लिंबू शेवटी पुरतं, आणि वास फारच येत असेल तर लिंबाने झाकू नका, तो मासाच वापरू नका.

आता कोळंबी, आणि हा माझा सगळ्यात आवडता भाग. कोळंबी मी डोक्यासकट, सालासकट घेते, सोललेली तयार घेत नाही, कारण टॉपिंगची खरी चव सालात आणि डोक्यात आहे. ४०० ग्रॅम घेतली, सोलून साधारण निम्मी राहते. पाठीवर सुरीने हलकी चीर देऊन काळा दोरा काढला, कोळंबी टिपून फ्रिजमध्ये ठेवली, आणि सालं-डोकी सगळी एका पॅनमध्ये मोठ्या चमचाभर बटरवर टाकली. गॅस मध्यम. सालं करडी-हिरवट असतात, बटर तडतडायला लागलं की काठांवरून रंग बदलायला लागतो, आधी गुलाबी, मग नारिंगी, आणि उलथन्याने डोकी दाबली की आतला रस बटरमध्ये उतरतो आणि बघता बघता सगळं बटरच केशरी होतं. हा रंग अ‍ॅस्टाझँथिनचा. कच्च्या सालात तो एका प्रोटीनला बांधलेला असतो म्हणून करडा-निळसर दिसतो, आच लागली की प्रोटीन सैल पडतं आणि खरा रंग मोकळा होतो, आणि हा रंग चरबीत विरघळतो, पाण्यात नाही, म्हणूनच सालं आधी बटरवर परतायची आणि पाणी नंतर घालायचं. नुसत्या पाण्यात उकळलीत तर चव येते पण हा रंग तसा येत नाही. ताईला हे बघून इतकी गंमत वाटली की पुढचा चमचा तिनेच हातात घेतला आणि मला बाजूला सरकवलं.

चार-पाच मिनिटं परतून खमंग वास सुटला की २ ठेचलेल्या लसणाच्या पाकळ्या, तमालपत्र, चार-पाच मिरे आणि दोन कप पाणी. उकळी आली की गॅस बारीक आणि २० मिनिटं, त्याहून जास्त नको, जास्त उकळलं की हे सालांचं पाणी, म्हणजे स्टॉक, कडवट व्हायला लागतो. गाळून घेतला, चाळणीतल्या सालांवर चमच्याने दाब देऊन शेवटचा रसही काढला. मग गाळलेला स्टॉक परत गॅसवर ठेवून अर्ध्या कपाच्या आसपास येईपर्यंत आटवला. हे आटवणं सोडू नका प्लीज. दोन कप पातळ स्टॉक सॉसमध्ये घातला तर मग तो घट्ट करायला मैदा वाढवावा लागतो आणि सॉसला पिठूळ चव येते, तीच चव अर्ध्या कपात आटवून घातली की मैदा कमी आणि कोळंबी जास्त लागते.

शिंपल्या थोड्याच घेतल्या होत्या, दोन मुठी. घासून धुतल्या, ज्या उघड्या होत्या त्यांच्यावर टकटक केलं, मिटल्या त्या ठेवल्या, ज्या मिटल्याच नाहीत त्या फेकल्या. झाकणाच्या भांड्यात अगदी थोड्या पाण्यावर मोठ्या आचेवर तीन-चार मिनिटं, उघडल्या की लगेच काढायच्या, आणि शिजल्यावरही ज्या बंदच राहिल्या त्या टाकून द्यायच्या. भांड्यात जे पाणी उरतं ते खारं आणि अतिशय चविष्ट असतं, ते फडक्यातून गाळून स्टॉकमध्ये घालून त्याच्याबरोबरच आटवलं. आणि हे पाणी आटल्यावर अजून खारं होतं, म्हणून सॉसमध्ये मीठ सगळ्यात शेवटी, चाखून. मी बहुतेक वेळा घालतच नाही.

माकूल (स्क्विड) ह्यात घालू का असं ताईने विचारलं. मी नाही घालत. माकूल एक तर दोन मिनिटांत काढावं लागतं नाहीतर चांगलं अर्धा-पाऊण तास मंद शिजवावं लागतं, मधल्या वेळात ते रबर होतं, आणि आपलं बेकिंग नेमकं त्या मधल्या वेळातलं आहे. खेकड्याचं मांस छान लागतं, पण ते शेवटी नुसतं मिसळायचं, ढवळायचं नाही, नाहीतर धागे धागे होतात. क्रॅब स्टिक म्हणून मिळतात त्या बहुतेक पोलॉकसारख्या पांढऱ्या माशाच्याच सुरिमीच्या (वाटलेल्या मांसाच्या लगद्याच्या) असतात, म्हणजे माशावर परत मासाच, त्यापेक्षा कोळंबी वाढवलेली बरी.

सोललेल्या कोळंबीचे मोठे तुकडे केले, एका कोळंबीचे दोन किंवा तीन. पॅन कडकडीत तापवून थोड्या बटरवर ते एका थरात टाकले, हलवले नाहीत, अर्ध्या मिनिटाने उलटे केले आणि लगेच काढले. बाहेरून गुलाबी, आत अजून काचेसारखे पारदर्शक. पूर्ण शिजवायचे नाहीत, उरलेलं काम ओव्हन करतो. पण कच्चेसुद्धा घालायचे नाहीत, कारण कच्ची कोळंबी सॉसमध्येच पाणी सोडते. काढून चाळणीत ठेवले, खाली वाटीत दोन चमचे पाणी जमलं, तेही आटणाऱ्या स्टॉकमध्ये गेलं. त्याच पॅनमध्ये एक छोटा कांदा अगदी बारीक चिरून मऊ केला, रंग येऊ दिला नाही, मग मूठभर मश्रूम बारीक चिरून घातले. मश्रूम आधी खूप पाणी सोडतात, पॅनमध्ये तळं होतं, ते पूर्ण आटून परत चरचर आवाज यायला लागला की झाले. हा आवाज ओळखायला शिका, पॅनमधलं पाणी संपल्याची ती खूण आहे.

आता सॉस. जाड बुडाच्या पातेल्यात ४० ग्रॅम बटर, वितळून फेस आला की ४० ग्रॅम मैदा, मंद आचेवर दोन-तीन मिनिटं परतायचा, रंग बदलू द्यायचा नाही, फक्त कच्चा वास जाऊन भाजल्याचा हलका वास आला पाहिजे. मैद्याच्या प्रत्येक कणाभोवती बटर लागतं म्हणून नंतर दूध घातल्यावर कण एकमेकांना चिकटून गुठळ्या होत नाहीत, त्यामुळे बटर-मैदा नीट एकजीव झाल्याशिवाय दुधाकडे वळायचंच नाही. दूध २५० मिली, कोमट. आधी थोडंसं घातलं, व्हिस्कने जोरात फिरवलं, सगळं एकदम गोळा होऊन आवळून येतं, तिथे घाबरायचं नाही, परत थोडं दूध, परत फिरवायचं, असं तीन-चार वेळा केलं की सैल आणि गुळगुळीत होतं, मग उरलेलं सगळं दूध आणि आटवलेला स्टॉक. दूध पांढरं, स्टॉक केशरी, फिरवता फिरवता सगळ्या सॉसला फिकट गुलाबी-केशरी छटा आली. मग उकळी येईपर्यंत ढवळत राहायचं, कारण मैद्यातला स्टार्च नीट फुलून सॉस पूर्ण आळतो तो उकळीच्या जवळ पोचल्यावरच, त्याआधी पातळ वाटला म्हणून मैदा वाढवू नका. उकळीनंतर पाच-सात मिनिटं मंद आचेवर, तळाला लागू न देता. 

शेवटी ६० मिली क्रीम, जास्त फॅटवालं, ३५ टक्क्यांच्या पुढचं असेल तर फाटायची भीती जवळपास नाही, कमी फॅटचं असेल तर गॅस बंद करून मग घाला आणि उकळू नका. जायफळ किसून चिमूटभर, मिरपूड, एक छोटा चमचा मस्टर्ड पेस्ट, आणि मूठभर शेपू बारीक चिरून. शेपू आणि मासा ही जोडी मला पार्सलीपेक्षा कितीतरी जास्त आवडते. लिंबाची साल किसून घातली, रस नाही, रस पानात. चीज मी सॉसमध्ये घालत नाही, वरच्या चुऱ्यात थोडं पार्मेझान तेवढंच. भरपूर चीज घातलं की कोळंबी आणि शिंपल्यांची ती गोडसर, समुद्राची चव पार दबते, मग इतका स्टॉक काढून उपयोग काय.

सॉसमध्ये कांदा-मश्रूम, कोळंबी, शिंपल्यांचं मांस मिसळलं. टॉपिंग किती घट्ट हवं ह्याची माझी परीक्षा अशी की मोठा चमचा भरून ताटलीवर टाकायचं आणि एक मिनिट बघायचं, ढीग तसाच राहिला आणि कडेने पाणी पसरलं नाही तर बरोबर, पसरलं तर अजून आटवायचं, पण कोळंबी घालायच्या आधी, म्हणून ही परीक्षा एकदा नुसत्या सॉसची करून घ्या. ओव्हनमध्ये मासा कितीही टिपलेला असला तरी थोडं पाणी सोडणारच, म्हणून सॉस खायला हवा त्यापेक्षा आधी थोडा जास्तच घट्ट ठेवायचा. मग ताटलीत पसरून, वर बटर पेपर चिकटवून गार व्हायला ठेवलं. पेपर चिकटवला नाही तर वर साय धरते. आणि गरम टॉपिंग माशावर घालायचं नाही, गरम असताना ते सैल असतं, ओघळतं, आणि मासा ओव्हनमध्ये जायच्या आधीच वरून शिजायला लागतो.

ओव्हन २०० डिग्री सेल्सियसला तापायला लावला, फॅनवाला असेल तर १८०. माझा मासा पसरट मेटल ट्रेमध्ये असतो, काचेचं भांडं हळू तापतं म्हणून त्यात चार-पाच मिनिटं जास्त धरा, आणि काचेचं भांडं फ्रिजमधून थेट तापलेल्या ओव्हनमध्ये घालू नका, तडकू शकतं. ट्रेला बटर लावलं, मासे परत एकदा टिपले, शेपटीकडचं पातळ टोक खाली दुमडलं म्हणजे जाडी सगळीकडे सारखी झाली, आणि दोन फिलेंच्या मध्ये बोटभर जागा ठेवली, चिकटून ठेवले की मध्ये वाफ कोंडते. टॉपिंग प्रत्येकावर साधारण दीड सेंटीमीटर जाड, कडेपर्यंत पण कडेच्या खाली नाही. वर जाडसर ब्रेडचा चुरा, तो आधी वितळलेल्या बटरमध्ये चोळून घेतलेला, आणि त्यात ते पार्मेझान. कोरडा चुरा भुरभुरवला तर तो पांढराच राहतो, बटर लागलेला चुरा सोनेरी होतो.

मधल्या रॅकवर ठेवून १८ मिनिटं लावली. उघड्या माशाला अडीच सेंटीमीटर जाडीला १० मिनिटं असा एक जुना हिशोब आहे, पण टॉपिंगमुळे वरची आच उशिरा पोचते, म्हणून जवळपास दुप्पट वेळ लागतो. १५ मिनिटांनंतर तपासायला सुरुवात केली. माझ्याकडे प्रोब थर्मामीटर आहे, तो बाजूने माशाच्या मधोमध घालते, टॉपिंगमधून वरून नाही, वरून घातला तर टॉपिंगचं तापमान कळतं. ६० डिग्री आलं की बाहेर, मग तो आपल्याच उष्णतेवर दोन-तीन डिग्री वर चढतो, अमेरिकेतल्या अन्नसुरक्षेच्या नियमांत माशासाठी ६३ डिग्री सांगितलंय, ते गाठलं की नाही हे पानात घ्यायच्या आधी बघून घ्या. थर्मामीटर नसेल तर पातळ सुरी मधोमध घालून पाच सेकंद थांबायचं आणि बाहेर काढून मनगटाला लावायची, चांगली गरम लागली आणि आत सुरी अडखळली नाही तर झालं. माशात आडवे पातळ पडदे असतात जे मांसाचे थर एकमेकांना धरून ठेवतात, ते कमी तापमानालाच विरघळतात, म्हणून झालेला मासा काट्याने नुसता ढकलला की पाकळ्या पाकळ्या सुटतो. ढकलूनही चिकटून राहिला तर अजून दोन मिनिटं. आणि पाकळ्या सुटतायत पण मधून भरपूर पांढरं पाणी येतंय तर वेळ होऊन गेली.

१७ मिनिटांना ६० आलं. वरचा चुरा अजून फिकट होता, म्हणून ट्रे वरच्या रॅकवर सरकवला आणि फक्त वरची कॉइल चालू करून दोन मिनिटं, दाराशी उभी राहून, कारण इथे सोनेरी आणि काळं ह्यात अर्ध्या मिनिटाचं अंतर असतं. कडेने सॉसचे बुडबुडे यायला लागले, चुऱ्यावर सोनेरी ठिपके पडले, काढला. पाच मिनिटं तसाच ठेवला, ह्या वेळात सॉस परत आवळतो, लगेच उचलला तर टॉपिंग घसरतं.

उचलताना ताईचं सगळं लक्ष ट्रेच्या तळाकडे होतं. बटरचा पातळ थर होता आणि कडेला चमचाभर रस, बाकी कोरडा ट्रे. "माझ्याकडे ह्या ट्रेमध्ये निदान वाटीभर पाणी असतं," म्हणाली, "मी कोळंबी कच्चीच घालते ना, आणि मश्रूम पण." तो चमचाभर रस मी परत माशावरच घातला. खाताना आधी चुऱ्याचा कुरकुरीतपणा, मग सॉस, त्यात कोळंबीचा तुकडा दाताखाली येतो तो मऊ आणि रसरशीत, आणि मग खाली मासा, ओलसर, पाकळ्या पाकळ्यांचा, त्याची स्वतःची गोडी शाबूत. वर लिंबाचे चार थेंब पडले की सगळं क्रीम एकदम हलकं वाटायला लागतं. बरोबर काहीतरी साधंच ठेवा, उकडलेले बटाटे किंवा नुसत्या परतलेल्या हिरव्या भाज्या, दुसरा क्रीमचा पदार्थ नको.

करायला सोपं जावं म्हणून सांगते, स्टॉक आणि सॉस आदल्या दिवशी करून ठेवता येतो, झाकून फ्रिजमध्ये, दुसऱ्या दिवशी थोडा सैल करायला मंद गरम करायचा, परत गार करायचा आणि कोळंबी त्या दिवशीच परतून घालायची. मासा मात्र मीठ लावून रात्रभर ठेवू नका, तो खारट आणि चिवट होतो. उरलं तर दोन तासांच्या आत फ्रिजमध्ये, दुसऱ्या दिवशीच संपवा, १५० डिग्रीला फॉइल झाकून गरम करा, मायक्रोवेव्हमध्ये कोळंबी आणि शिंपल्या फटाफट उडतात आणि कडक होतात. फ्रीझरमध्ये ठेवायचं असेल तर मैद्याचा सॉस थॉ झाल्यावर पाणी सोडतो आणि दाणेदार होतो, त्यामुळे फ्रीझ करायचाच असेल तर नुसता आटवलेला स्टॉक करा, छोट्या छोट्या बर्फाच्या ट्रेमध्ये. ताईने जाताना तोच एक डबा मागून नेला.